मोटारीचा मालक कोण?

घर विकलें म्हणजे खरेदीखत नोंदवावें लागतें, हें प्रत्येक कुटुंबास ठाऊक असतें. उलट सोन्याच्या पाटल्या विकल्या, तर त्यांची नोंद कोणी सरकारदरबारीं करीत नाहीं. दाम हातीं आला कीं व्यवहार पुरा झाला. मोटारगाडीची गणना या दोहोंपैकीं कोणांत करावयाची? ती पाटल्यांसारखी जंगम वस्तु खरी. पण तिच्या योगें रस्त्यावरील परक्या माणसाच्या जिवास अपाय होऊं शकतो. म्हणूनच कायद्यानें तिला मोकळी सोडलेली नाहीं. तथापि "किल्ली दिली, पैसे घेतले, संबंध सुटला" ही समजूत सुशिक्षित घरांतहि आढळते, आणि ती प्रसंगीं फार महागांत पडते. तें कसें, हें समजण्यासाठीं नोंदणीचें स्वरूप पाहिलें पाहिजे.

वाहनास क्रमांक देण्याची कल्पना मोटारीइतकीच जुनी आहे. पॅरिस शहरांत १८९३ सालीं पोलिसांच्या हुकुमानें मोटारींवर मालकाचें नांव, पत्ता व क्रमांक असलेली पाटी लावणें आवश्यक झालें. ब्रिटनमध्यें १९०३ चा कायदा १ जानेवारी १९०४ पासून अमलांत आला. हिंदुस्थानांत १९१४ व १९३९ सालीं कायदे झाले. सध्यां चालू असलेला मोटार वाहन कायदा १९८८ चा असून तो १ जुलै १९८९ पासून लागू आहे. या सर्वांच्या मुळाशीं हेतु एकच. धूळ उडवून निघून गेलेल्या गाडीचा जाब कोणास विचारावा, हें जखमी माणसास कळलें पाहिजे. पाटीवरील क्रमांक हें त्या जाबाचें पहिलें टोंक. नोंदवहींतील नांव हें दुसरें.

मोटारीचा कायदा केंद्राचा कीं राज्याचा, असा प्रश्न पुष्कळदां विचारला जातो. राज्यघटनेनें हा विषय दोघांत वांटून दिला आहे. मोटारींसंबंधीं सामान्य कायदा करण्याचा अधिकार समवर्ती सूचींत आहे, त्यामुळें नोंदणीचे मुख्य नियम साऱ्या देशांत सारखे. वाहनांवर कर बसविण्याचा अधिकार मात्र राज्यसूचींत आहे. महाराष्ट्रांत हा कर १९५८ च्या राज्य-कायद्यानें घेतला जातो, व खासगी मोटारींवर तो सामान्यतः एकरकमी असतो. प्रादेशिक परिवहन कार्यालय, ज्यास लोक 'आर.टी.ओ.' म्हणतात, तें राज्य सरकारचें. तात्पर्य, नियम केंद्राचे, तिजोरी राज्याची, आणि खिडकीहि राज्याचीच.

नव्या गाडीच्या बाबतींत गृहस्थास फारसे कष्ट पडत नाहींत. विक्रीचा दाखला, गाडी रस्त्यास योग्य असल्याबद्दलचें कारखानदाराचें प्रमाणपत्र, विम्याचा कागद, पत्त्याचा पुरावा आणि कर एवढें जुळलें कीं अर्ज पुरा होतो. २०१९ च्या दुरुस्तीनंतर त्याच राज्यांत विकलेल्या नव्या गाडीसाठीं हा अर्ज विक्रेत्यानेंच करावयाचा असतो, आणि क्रमांकाची पाटी लागल्याखेरीज गाडी ग्राहकाच्या हवालीं करावयाची नसते. खासगी गाडीची नोंदणी पंधरा वर्षें टिकते. पुढें गाडी तपासून घेऊन पांच-पांच वर्षांनीं नूतनीकरण करावें लागतें. प्रमाणपत्र हातीं येतांच त्यावरील इंजिनाचा व चॅसीचा नंबर प्रत्यक्ष गाडीवरील नंबराशीं ताडून पाहावा. एका अंकाची चूक विक्रीच्या वेळीं किंवा विम्याचा दावा करतांना डोकें वर काढते.

पाटीवरील अक्षरेंहि बोलकीं आहेत. 'एम.एच.' म्हणजे महाराष्ट्र, 'जी.ए.' म्हणजे गोवा. पुढचे दोन अंक कार्यालय सांगतात: बारा म्हणजे पुणें, नऊ म्हणजे कोल्हापूर, एकतीस म्हणजे नागपूर. पांढऱ्या पाटीवर काळीं अक्षरें असलेली गाडी खासगी. पिवळीवर काळीं असलेली भाड्याची. हिरवी पाटी विजेवर चालणाऱ्या गाडीची. १ एप्रिल २०१९ पासून नव्या गाड्यांस उच्च सुरक्षेची पाटी सक्तीची झाली. तिजवरील कुलूप एकदां काढलें तर पुन्हां बसत नाहीं. चोरीच्या गाडीस दुसऱ्याची पाटी लावण्याच्या धंद्यास आळा बसावा, हा तिचा उद्देश.

आतां मूळ प्रश्नाकडे वळावयाचें. कायद्यानें 'मालक' शब्दाची व्याख्या केली आहे. ज्याच्या नांवावर गाडी नोंदलेली, तो मालक. गाडी कर्जावर घेतलेली असेल, तर त्या कराराप्रमाणें जिच्या ताब्यांत ती आहे, ती व्यक्ति मालक. गाडी कोणीं चालविली, पेट्रोल कोणीं भरलें, पैसे कोणीं मोजले, यांस या व्याख्येंत स्थान नाहीं. समजा, एका गृहस्थानें आपली जुनी गाडी ओळखीच्या माणसास विकली, साध्या कागदावर पावती घेतली आणि नांव बदलण्याचें काम खरेदीदाराच्या भरंवशावर सोडलें. त्यानें ती तिसऱ्यास विकली, तिसऱ्यानें चौथ्यास. दोन वर्षांनीं चौथ्याच्या हातून अपघात झाला. न्यायाधिकरणाची नोटीस कोणाच्या दारीं येईल? पहिल्या गृहस्थाच्या!

हें उदाहरण केवळ कल्पनेंतलें नाहीं. अगदीं याच धर्तीचा खटला सर्वोच्च न्यायालयापुढें आला, आणि २०१८ च्या फेब्रुवारींत त्याचा निकाल लागला. गाडी २००७ सालीं विकलेली, मग हातोहात फिरलेली, अपघात २००९ सालचा. उच्च न्यायालयानें शेवटच्या खरेदीदारास जबाबदार धरलें होतें. सर्वोच्च न्यायालयानें तें फिरवून, नोंदवहींत ज्याचें नांव उरलें होतें त्यावरच भरपाईची जबाबदारी ठेवली. कारण सरळ आहे. ज्याच्या घरचा माणूस गेला, त्यानें न नोंदलेल्या विक्रींचा माग काढीत दारोदार फिरावें काय? त्याच्यासाठीं तर नोंदवही आहे.

म्हणून विक्री करणाऱ्यानें पुढील गोष्टी स्वतः कराव्या. गाडी त्याच राज्यांत विकली असेल, तर १४ दिवसांच्या आंत नोंदणी कार्यालयास नमुना २९ मध्यें कळवावें; परराज्यांत विकली असेल, तर ना-हरकत दाखल्यासह ४५ दिवसांत. खरेदीदारानें ३० दिवसांत आपला अर्ज करावयाचा असतो. विमा आपल्या नांवें करून घेण्यासाठीं त्यानें १४ दिवसांत विमा कंपनीकडेहि अर्ज करावा. गाडीवर बँकेचा बोजा असेल, तर कर्ज फेडून भागत नाहीं. बँकेचा नमुना ३५ घेऊन प्रमाणपत्रावरील बोजाची नोंद काढून घ्यावी लागते. हे अर्ज आतां परिवहन खात्याच्या संकेतस्थळावरून भरतां येतात. कांहीं दिवसांनीं नांव खरोखरीच बदललें कीं नाहीं, हें तेथेंच पाहून खात्री करून घ्यावी.

घरांत मृत्यु घडल्यास गाडीचा विचार कोणास सुचत नाहीं, आणि तें स्वाभाविक आहे. तरी वारसानें ३० दिवसांत कार्यालयास कळविल्यास मृत्यूपासून तीन महिने ती गाडी वापरतां येते, व त्या मुदतींत नांव बदलण्याचा अर्ज करावयाचा असतो. २०२१ पासून मालकास हयातींतच आपला नामनिर्देशित वारस प्रमाणपत्रावर नोंदवितां येतो. ही सोय प्रत्येक कुटुंबानें करून ठेवण्याजोगी आहे. तसेंच नोकरीनिमित्त गाडी परराज्यांत नेली व ती तेथें बारा महिन्यांहून अधिक राहिली, तर ना-हरकत दाखला घेऊन तेथील नवा क्रमांक घ्यावा लागतो.

पैसा खरेदीदाराकडून विक्रेत्याकडे येतो, गाडी विक्रेत्याकडून खरेदीदाराकडे जाते. पण जबाबदारी मात्र नोंदवहींतील नांव हलेपर्यंत जागची हलत नाहीं. किल्ली देणाऱ्या हातानेंच विक्रीची सूचनाहि कार्यालयांत दिली, तर पुढें कोणाच्या चुकीची नोटीस आपल्या दारीं येण्याची धास्ती उरणार नाहीं.