विश्लेषण : रीलमधला चेहरा चोरीला गेला तर काय कराल?

दिवसा आयटी पार्कमध्ये नोकरी आणि संध्याकाळी रील, हा दिनक्रम हिंजवडीला नवा नाही. मात्र रोज कॅमेऱ्यासमोर येणाऱ्या क्रिएटर्सना डीपफेकचा धोका इतरांपेक्षा अधिक असतो. तो का?

चेहरा कसा बदलतो?
एआय प्रणालीला एखाद्या चेहऱ्याच्या असंख्य फ्रेम दाखवल्या जातात. डोळे, ओठ, हसण्याची ढब ती शिकते आणि दुसऱ्याच्या व्हिडिओवर फ्रेमगणिक बसवते. चांगला प्रकाश, जवळून टिपलेला चेहरा, निरनिराळे हावभाव हा सगळा कच्चा माल क्रिएटरच्या प्रोफाइलवर आयता मिळतो.

नुकसान कोणाचे?
नोव्हेंबर २०२३ मध्ये अभिनेत्री रश्मिका मंदाना यांचा म्हणून लिफ्टमधील एक व्हिडिओ व्हायरल झाला. तो मुळात ब्रिटनमधील भारतीय वंशाच्या एका इन्फ्लुएन्सरचा होता. एकीचा चेहरा वापरला गेला, तर दुसरीचा व्हिडिओ. जानेवारी २०२४ मध्ये दिल्ली पोलिसांनी आंध्र प्रदेशातून एका तरुणाला अटक केली. फॅन पेजचे फॉलोअर वाढवण्यासाठी त्याने हे केल्याचे पोलिसांनी सांगितले.

त्याच महिन्यात सचिन तेंडुलकर गेमिंग अ‍ॅपची भलामण करत असल्याचा बनावट व्हिडिओ पसरला. सचिन यांना खुलासा करताच देशभर बातमी झाली. काही हजार फॉलोअर असलेल्या क्रिएटरचा खुलासा मात्र त्या व्हिडिओइतका दूर पोहोचत नाही. बदनामी होतेच, शिवाय जाहिरातीची कामेही हातची जाऊ शकतात.

कायदा काय सांगतो?
तोतयेगिरी करून ऑनलाइन फसवणूक केल्यास आयटी कायद्याच्या कलम ६६डीनुसार तीन वर्षांपर्यंत कैद आणि एक लाखापर्यंत दंड होऊ शकतो. लैंगिक कृत्य उघडपणे दाखवणाऱ्या डीपफेकला कलम ६७ए लागू होते. पहिल्या गुन्ह्यात पाच वर्षांपर्यंत कैद आणि दहा लाखांपर्यंत दंडाची तरतूद आहे. मॉर्फ केलेला मजकूर तक्रारीनंतर २४ तासांत हटवण्याचे बंधन २०२१ च्या आयटी नियमांनी घातले. फेब्रुवारी २०२६ च्या दुरुस्तीत ही मुदत आणखी कमी झाली.

काय कराल?
• आधी स्क्रीनशॉट, लिंक, खात्याचे नाव आणि वेळ जपून ठेवा. पोस्ट हटली की पुरावाही जातो.
• संबंधित अ‍ॅपवर ‘रिपोर्ट’ करा.
• राष्ट्रीय सायबर क्राइम पोर्टलवर तक्रार नोंदवा. पैशांची फसवणूक असेल तर लगेच १९३० वर फोन करा.
• हिंजवडीतील रहिवाशांना पिंपरी-चिंचवड पोलिस आयुक्तालयाच्या अखत्यारीतील हिंजवडी पोलिस ठाण्यात दाद मागता येते.
• मूळ व्हिडिओची फाइल डिलीट करू नका. समोरचा व्हिडिओ बनावट असल्याचे तीच दाखवते.

आणि असा व्हिडिओ तुमच्या ग्रुपवर आला, तर? पुढे पाठवू नका. ज्याचा चेहरा आहे, त्याला आधी कळवा.