कंसाबाहेरचे वजा सगळ्यांना लागू

बीजगणिताच्या पेपरात बहुपदींची वजाबाकी हा सोपा प्रश्न मानला जातो, आणि तरीही त्यात हमखास गुण जातात. चूक बहुधा आकडेमोडीत नसते, ती चिन्हात असते.

आधी व्यवहारातले उदाहरण घेऊ. खिशात १०० रुपये आहेत. ३० रुपयांची वही घेतली, दुकानदाराने ५ रुपये सूट दिली. खर्च झाला (३० − ५), म्हणून उरले ७५. पण कंस काढताना १०० − ३० − ५ असे लिहिले, तर उत्तर ६५ येते. म्हणजे सूट मिळण्याऐवजी दंड बसला! सूट खर्चातून वजा होते, म्हणून शिल्लक काढताना ती मिळवावी लागते. कंसाबाहेरचे वजा आतल्या प्रत्येक पदाचे चिन्ह बदलते, ते याच कारणाने.

आता (५ क्षवर्ग + ३ क्ष − ७) मधून (२ क्षवर्ग − ४ क्ष + १) वजा करू. दुसऱ्या कंसातली तिन्ही चिन्हे बदलली, की − २ क्षवर्ग + ४ क्ष − १ मिळते. मग सजातीय पदे, म्हणजे ज्यांतील चल आणि त्याचा घातांक दोन्ही सारखे आहेत अशी पदे, एकत्र करायची. वर्गाची पदे ५ − २ = ३, क्षची ३ + ४ = ७, नुसत्या संख्या − ७ − १ = − ८. उत्तर : ३ क्षवर्ग + ७ क्ष − ८. ज्याने फक्त पहिल्याच पदाचे चिन्ह बदलले, त्याचे उत्तर ३ क्षवर्ग − क्ष − ६ येते.

इथे ३ क्षवर्ग आणि ७ क्ष यांची बेरीज करून १० करण्याचा मोह टाळावा. चौरस मीटर आणि मीटर एकमेकांत मिळवता येत नाहीत, तसेच हे.

हा नियम जुना आहे. सजातीय पदांचीच बेरीज-वजाबाकी करावी, विजातीय पदे वेगळी ठेवावीत, हे ब्रह्मगुप्तांनी इ.स. ६२८ मध्ये ‘ब्राह्मस्फुटसिद्धान्ता’त सांगितले. बाराव्या शतकात भास्कराचार्यांनी ‘बीजगणित’ ग्रंथात तोच नियम दिला. वजा करताना धन ऋण होते आणि ऋण धन होते, हेही सांगितले. त्यांच्या पद्धतीत अज्ञात राशीसाठी ‘या’, वर्गासाठी ‘व’, नुसत्या संख्येसाठी ‘रू’ अशी अक्षरे असत आणि ऋण संख्येच्या डोक्यावर टिंब दिले जाई. चाळीसगावजवळच्या पाटण येथील शिलालेखात त्यांच्या घराण्याची माहिती कोरलेली आहे.

उत्तर तपासायला अर्धा मिनिट पुरतो. क्षच्या जागी २ ठेवा. पहिली बहुपदी १९, दुसरी १, फरक १८. बरोबर उत्तरातही १२ + १४ − ८ = १८ येते. चुकीच्या उत्तरात मात्र ४ येतात. क्षच्या जागी १ ठेवू नये. १ चा वर्गही १ च असल्याने वर्गाचे पद आणि क्षचे पद यांतली गल्लत त्यात लपून राहते. पेपर देण्यापूर्वी एवढे केले, तर हातचे गुण जाणार नाहीत.