डिप्लोपोरा : पर्वताच्या पोटांतलें शेवाळ

जर्मनीचें सर्वांत उंच शिखर झुगश्पिट्से हें २,९६२ मीटर उंच आहे. तें ज्या फिकट दगडाचें बनलें आहे त्याला वेटरस्टाइन चुनखडक म्हणतात. आल्प्समधील या खडकाचा झिजलेला तुकडा भिंगाखालीं धरला, तर त्यांत पुष्कळदां कांहीं मिलिमीटर जाडीच्या नळ्या दिसतात. त्यांच्या भिंतींना बारीक छिद्रें असतात. हे डिप्लोपोरा नांवाच्या समुद्री शेवाळाचे अवशेष; वय सुमारें २४ कोटि वर्षें.

शाफहॉयट्ल यांनीं १८६३ सालीं हें नांव दिलें खरें; पण छिद्रें पाहून अनेक विद्वान् अशा नळ्यांना फोरॅमिनिफेरा, म्हणजे कवचधारी सूक्ष्म प्राणी, समजत. १८७७ सालीं फ्रान्सच्या म्युनिए-शाल्मा यांनीं जिवंत शेवाळांशीं तुलना करून हा घोळ मिटविला. कण्हेरीच्या डहाळीवर पानें जशीं पेरापेराला चक्राकार फुटतात, तशा या शेवाळाच्या मधल्या देठाला बारीक फांद्या फुटत, आणि त्यांच्यामध्यें चुना सांचे. पुढें देठ कुजला, फांद्या कुजल्या, चुना राहिला. छिद्र म्हणजे फांदीची रिकामी जागा! व्हिएन्नाच्या यूलियस पिआ यांनीं १९२० सालीं या कुळावर मोठा ग्रंथ लिहिला; त्यांनींच १९३६ सालीं एल. रामराव यांच्यासमवेत आपल्याकडील त्रिचनापल्ली जिल्ह्यांतलीं याच कुळांतलीं, पण पुष्कळ अलीकडचीं, शेवाळें वर्णिलीं.

प्राणी कीं वनस्पति, हा वाद कुणास शब्दच्छल वाटेल. मला तसें वाटत नाहीं. प्राणी अंधाऱ्या खोल समुद्रांतहि राहूं शकतो. शेवाळाला सूर्यप्रकाश हवा. या कुळांतलीं आजचीं शेवाळें, उदाहरणार्थ ॲसिटाब्युलेरिया, बहुधा उबदार, उथळ पाण्यांतच वाढतात. मग डिप्लोपोरा जेथें वाढलें तो समुद्रहि उथळ असला पाहिजे. परंतु हा चुनखडक कांहीं ठिकाणीं १,००० मीटरांहून जाड आहे! उथळ पाण्यांत एवढा थर मावला कसा?

उत्तर एकच संभवतें. समुद्राचा तळ हळूहळू खचत होता, आणि तो जितका खचे तितका चुना वर सांचत होता. म्हणून पाणी उथळच राहिलें. चुना पुरवणारें डिप्लोपोरा एकटें नव्हतें. स्पंज व इतर जीवहि होते. पण पाण्याच्या खोलीची साक्ष द्यावी ती या शेवाळानेंच. पुढें आल्प्स उचलले गेले, आणि तो तळ आज हिमरेषेपाशीं जाऊन बसला आहे. जेथें चुनखडकाचें डोलोमाइट झालें, तेथें मात्र या नळ्या बहुधा पुसट होतात, आणि अभ्यासकाला भिंग घेऊन पुढच्या कड्याकडे वळावें लागतें.