आठ रुपये गुणिले दहा कोटी

सरकारकडून काही मिळवायचं तर आधी आपण गरीब आहोत हे सिद्ध करावं लागतं. सेतू केंद्रातली रांग, तलाठ्याचा अहवाल, तहसीलदाराची सही, रेशनकार्ड पिवळं की केशरी याची चौकशी. बायका-मुलांना खाऊ घालणाऱ्या देशातल्या सर्वांत मोठ्या योजनेला, म्हणजे अंगणवाडीला, मात्र यातला एकही कागद लागत नाही. मूल सहा वर्षांच्या आतलं असावं, किंवा बाई गरोदर असावी, किंवा बाळंत होऊन तिला सहा महिने व्हायचे असावेत. पात्रता एवढीच. अन्न सुरक्षा कायदा, २०१३ ची कलमं ४ आणि ५ वाचली तर मलबार हिलवरच्या सातव्या मजल्यावरचं बाळसुद्धा पात्र ठरतं. त्याची आई कटोरी घेऊन येत नाही ही गोष्ट वेगळी, आणि त्या बाजूला अंगणवाडी शोधूनही सापडायची नाही हीही.

सहा महिन्यांच्या आतल्या बाळाच्या नावानं अंगणवाडीतून काहीच निघत नाही. त्याला फक्त अंगावरचं दूध द्यायचं, म्हणून त्याचा वाटा आईच्या ताटात जातो.

पात्रतेतला हा मोकळेपणा योजनेच्या जन्मापासूनचा नाही. एकात्मिक बालविकास सेवा योजना २ ऑक्टोबर १९७५ रोजी देशभरात अवघ्या ३३ प्रकल्पांत सुरू झाली. महाराष्ट्रात मेळघाटातली धारणी आणि मुंबईतली धारावी ही सुरुवातीची ठिकाणं. पुढची पंचवीस-तीस वर्षं ती रांगत वाढली. मग २००१ मध्ये पीपल्स युनियन फॉर सिव्हिल लिबर्टीज ही संघटना सर्वोच्च न्यायालयात गेली. गोदामांत धान्य सडतंय आणि माणसं उपाशी आहेत, हे तिचं म्हणणं. त्या खटल्यात ७ ऑक्टोबर २००४ रोजी न्यायालयानं सांगितलं की अंगणवाडीच्या लाभासाठी दारिद्र्यरेषेची अट लावायची नाही. आणि १३ डिसेंबर २००६ च्या आदेशानं डिसेंबर २००८ पर्यंत देशात १४ लाख अंगणवाड्या उभ्या करायला सांगितल्या. शिवाय एक तरतूद अशी की वस्तीत सहा वर्षांखालची ४० मुलं असतील आणि अंगणवाडी नसेल, तर मागणी केल्यापासून तीन महिन्यांत ती द्यायची. चाळीस पोरं मोजून दाखवा आणि अंगणवाडी घ्या. ही तरतूद गावोगावच्या ग्रामसभांना कळली असती तर बऱ्याच पाड्यांचं भलं झालं असतं.

आज मंजूर अंगणवाड्या १४ लाखांच्या आसपास आहेत, त्यांतल्या १ लाख १० हजार महाराष्ट्रात, ५५३ प्रकल्पांमध्ये विभागलेल्या. सेविका आणि मदतनीस मिळून देशभरात २४ लाखांच्या घरात बायका हे काम करतात. भारताच्या भूदलात सुमारे साडेबारा लाख माणसं आहेत, म्हणजे ही फौज त्याच्या जवळजवळ दुप्पट. फरक असा की या फौजेला वेतन नाही, मानधन आहे. केंद्रानं ठरवलेल्या दरानं सेविकेला २०१८ पासून महिन्याला ४,५०० रुपये मिळतात, वर राज्य काय घालेल ते. ग्रॅच्युइटीचा हक्क मिळवायलाही २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयापर्यंत जावं लागलं. डिसेंबर २०२३ मध्ये महाराष्ट्रातल्या सेविका संपावर गेल्या त्या थेट जानेवारीच्या अखेरीस परतल्या.

आता लाभार्थी. पोषण ट्रॅकर या सरकारी ॲपवर नोंदलेली मुलं आणि माता मिळून आकडा १० कोटींच्या आसपास जातो. २०११ च्या जनगणनेत अख्ख्या महाराष्ट्राची लोकसंख्या ११ कोटी २४ लाख होती. वर्षातले ३०० दिवस यांना पूरक आहार द्यायचा असा नियम आहे. दहा कोटी गुणिले तीनशे म्हणजे कागदावर वर्षाला ३,००० कोटी वाटे. पृथ्वीवरच्या प्रत्येक माणसाला वर्षातून तीन वेळा वाढून वर भांड्यात उरेल इतकं.

आणि या वाट्याची किंमत? २०१७ मध्ये दर ठरले: सहा महिने ते सहा वर्षांच्या मुलामागे दिवसाला ८ रुपये, गरोदर आणि स्तनदा मातेमागे साडेनऊ, तीव्र कुपोषित मुलामागे १२. योजनेच्या नव्या रूपाच्या, म्हणजे पोषण २.० च्या, २०२२ मधल्या मार्गदर्शक सूचनांतही हेच दर आहेत. दर ठरले तेव्हा त्यांच्यासमोर लिहिलेलं माप असं होतं: मुलाला ५०० उष्मांक आणि १२ ते १५ ग्रॅम प्रथिनं, मातेला ६०० उष्मांक आणि १८ ते २० ग्रॅम, तीव्र कुपोषित मुलाला ८०० उष्मांक आणि २० ते २५ ग्रॅम. गहू-तांदूळ केंद्राच्या साठ्यातून सवलतीनं येतो म्हणून हे निदान मांडता तरी येतं. बाजारात एक अंडं सहा-सात रुपयांना पडतं आणि त्यात प्रथिनं जेमतेम सहा ग्रॅम. आठ रुपयांत एक अंडं घेतलं की ते उकडायला मीठ आणि गॅस उधार आणावा लागेल.

पण माझं डोकं गरगरलं ते दुसऱ्याच भागाकारानं. ८ रुपये भागिले ५०० म्हणजे एका उष्मांकाला १.६ पैसे. मातेच्या बाबतीत १.५८ पैसे. आणि तीव्र कुपोषित मुलाचे १२ रुपये भागिले ८०० म्हणजे दीड पैसा. ज्या पोराला अन्नाची सगळ्यांत जास्त गरज, त्याचा उष्मांक सरकारी दरपत्रकात सगळ्यांत स्वस्त. घाऊक खरेदीतली सूट असावी तशी. हे कुणी मुद्दाम केलं असेल असं मला वाटत नाही. तिन्ही ओळी शेजारी ठेवून भागाकार करून पाहायला कुणी बसलंच नसावं.

एका मुलाचा पूर्ण हिशेब मांडला तर सहा महिन्यांपासून सहा वर्षांपर्यंत साडेपाच वर्षं, दरवर्षी ३०० दिवस, म्हणजे १,६५० दिवस. तेवढ्या काळात ८ लाख २५ हजार उष्मांक आणि २० ते २५ किलो प्रथिनं. सहा वर्षांच्या निरोगी मुलाचं अख्खं वजन साधारण २० किलो असतं, तेव्हा सरकार त्याच्या वजनाइतकी प्रथिनं त्याला देऊ करतं. खर्च १३,२०० रुपये. पुण्या-मुंबईतल्या बऱ्याच नर्सरींत एवढ्यात दोन महिनेही निघत नाहीत.

मग दर वाढवत का नाहीत? इथे गुणाकार आडवा येतो. दहा कोटींमागे एक रुपया वाढवला की दिवसाला १० कोटी, वर्षाला ३,००० कोटी. २०२५-२६ च्या केंद्रीय अंदाजपत्रकात सक्षम अंगणवाडी आणि पोषण २.० साठी २१,९६० कोटी रुपये ठेवले होते, त्यात मानधनं, इमारती, मोबाइल सगळं आलं. आहाराचा निम्मा भार बहुतेक राज्यं उचलतात. नुसत्या आठ रुपयांनीच धरलं तरी दहा कोटींचा आहार वर्षाला २४,००० कोटींचा होतो. अंगणवाडीत बसलेल्या पोराला एक रुपया म्हणजे चिंचेची गोळी. दिल्लीतल्या फाइलीवर तोच रुपया तीन हजार कोटींचा डोंगर दिसतो. एका अंगणवाडीचं पाहिलं तर सरासरी ७० लाभार्थी, म्हणजे दिवसाचा आहार ५७० रुपयांच्या आतबाहेर.

हेच सुटे पैसे एकत्र बांधले की मात्र त्यांना वास सुटतो. तीन वर्षांखालची मुलं आणि माता यांना घरी न्यायला पाकिटं देतात, सगळे त्याला टीएचआर, म्हणजे टेक होम रेशन, म्हणतात. महाराष्ट्रानं त्यासाठी २०१६ मध्ये काढलेल्या निविदेचा आकडा बातम्यांत ६,३०० कोटींचा होता. न्यायालयानं २००४ मध्येच कंत्राटदार नकोत, बचत गटांना काम द्या असं बजावलेलं असताना अटी अशा होत्या की गावातल्या बचत गटाला दारातही उभं राहता येऊ नये. २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ती प्रक्रिया रद्द केली.

पात्रता सर्वांना आहे हे खरं, पण आत शिरल्यावर लहान लहान दरवाजे लागतात. बारा रुपयांच्या आहाराला पात्र व्हायचं तर मूल 'सॅम', म्हणजे तीव्र कुपोषित, म्हणून नोंदलं जायला हवं. दंडाला पट्टी गुंडाळायची: ११.५ सेंटिमीटरच्या आत भरला तर सॅम, ११.५ ते १२.५ च्या मध्ये असेल तर मॅम, म्हणजे मध्यम कुपोषित. उंचीच्या मानानं वजन किती, हीही कसोटी. पट्टी किंचित सैल धरली की ११.४ चे ११.६ होतात आणि पोराचे ३०० उष्मांक जातात. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीत, २०१९ ते २०२१, महाराष्ट्रातली पाच वर्षांखालची १०.९ टक्के मुलं उंचीच्या मानानं तीव्र कृश निघाली. देशाचं प्रमाण ७.७. अंगणवाड्यांच्या अहवालांची बेरीज मात्र दोन टक्क्यांच्याही खाली राहते. मोजण्याच्या रीती वेगळ्या, ऋतू वेगळे, हे सगळं मान्य. तरी सर्वेक्षणवाले मोजून निघून जातात, आणि सेविकेनं एक पोर लाल रेघेत टाकलं की पर्यवेक्षिका विचारते, प्रकल्प अधिकारी विचारतात, महिन्याच्या बैठकीत उभं राहून उत्तर द्यावं लागतं. अशा ठिकाणी पट्टी सैल पडणं मला तरी समजू शकतं. नंदुरबारात त्याच फेरीत ५७.२ टक्के मुलं वयाच्या मानानं कमी वजनाची होती. तिथे खरं मोजायचं तर अर्ध्याहून अधिक हजेरीपटच कमी वजनाच्या यादीत जातो.

रोख रकमेचा दरवाजा त्याहून अरुंद. कायदा म्हणतो, सरकारी नोकरीतल्या बायका आणि असाच लाभ दुसऱ्या कायद्यानं मिळणाऱ्या सोडून प्रत्येक गरोदर आणि स्तनदा मातेला किमान ६,००० रुपये. प्रधानमंत्री मातृवंदना योजना म्हणते, पहिल्या बाळाला ५,०००, आणि २०२२ पासून दुसरं अपत्य मुलगी असेल तरच ६,०००. इथे मात्र दाखले परत येतात: जातीचा, किंवा आठ लाखांच्या आतल्या उत्पन्नाचा, किंवा मनरेगाचं जॉबकार्ड, ई-श्रम, आयुष्मान कार्ड यांपैकी काहीतरी. शिवाय आईचं वय किमान १८ वर्षं ७ महिने. महाराष्ट्रात २० ते २४ वयोगटातल्या २१.९ टक्के बायकांची लग्नं अठराच्या आत झालेली आहेत, हे त्याच सर्वेक्षणातलं. अशी मुलगी लवकर बाळंत झाली तर अंगणवाडीचा आहार तिला मिळतो, पैसे मिळत नाहीत. चार कोटींहून अधिक बायकांना आजवर हे पैसे पोहोचलेत. आकडा दांडगा आहे. गरोदरपणाचे २८० दिवस आणि पुढचे सहा महिने मिळून ४६० दिवस धरले, तर पाच हजारांचे दिवसाला पडतात १० रुपये ८७ पैसे.

सगळ्यांत नवा दरवाजा चेहऱ्याचा. १ जुलै २०२५ पासून टीएचआरचं पाकीट देताना लाभार्थीचा चेहरा मोबाइलनं ओळखावा लागतो. त्याआधी आधारची ओळखपडताळणी आणि ओटीपी. ओटीपी ज्या नंबरवर जातो तो फोन बहुतेक घरांत नवऱ्याच्या खिशात, आणि नवरा कामावर. पूर्वी सेविका ११ रजिस्टरं लिहीत, आता ॲप भरतात. २०२१ मध्ये महाराष्ट्रातल्या हजारो सेविकांनी सरकारनं दिलेले मोबाइल परत नेऊन टाकले होते: तापतात, अडकतात, आणि ॲप इंग्रजीत. चोरी थांबावी म्हणून चेहरा, हे कारण खोटं नाही; बनावट नावांवर पाकिटं उचलली गेलेली आहेत. पण सहा हजार कोटींच्या निविदेला चेहरा दाखवावा लागला नव्हता.

२०२० च्या टाळेबंदीत नंदुरबारातल्या चिमलखेडीची एक सेविका नर्मदेच्या फुगवट्यातून रोज १८ किलोमीटर होडी वल्हवत पाड्यांवर जात होती. तिच्या यादीत २५ तान्ही वा कुपोषित बाळं आणि ७ गरोदर बायका होत्या. साडेनऊ रुपयांच्या दरानं सात बायकांचे होतात साडेसहासष्ट रुपये. होडीच्या भाड्याचा रकाना दरपत्रकात नाही.

शेवटी खरी पात्रता एकच उरते, यादीत नाव असणं. सेविका घरोघर फिरून सर्वेक्षण करते, त्यात सापडेल तो लाभार्थी. दिवाळीच्या आगेमागे बीडहून ऊसतोडीला निघालेल्या टोळीतलं पोर कोल्हापूर-सांगलीच्या फडावर पोहोचलं तर तिथल्या अंगणवाडीनं त्याला घ्यायलाच हवं, नियम तसाच आहे. पण त्याचं नाव गावाकडच्या यादीत, आणि चारशे ते आठशे वस्तीला एक अंगणवाडी या मापात उसाचा फड कुठेच बसत नाही.

बाहेर किती राहिली हे सांगायला दुसरी मोजणी लागते, आणि शेवटची पूर्ण मोजणी २०११ ची. तेव्हा देशात सहा वर्षांपर्यंतची १६ कोटी ४५ लाख मुलं होती, महाराष्ट्रात १ कोटी ३३ लाख. ती सगळी केव्हाच मोठी झाली. आज अंगणवाडीला पात्र असलेल्या मुलांपैकी एकही मूल कुठल्याच जनगणनेत नाही. पुढच्या जनगणनेचा संदर्भदिन १ मार्च २०२७ आहे. त्या दिवशी जन्मलेलं बाळ १ मार्च २०३३ ला सहा वर्षांचं होईल आणि यादीतून निघेल. तोवर वयोगटाचे तक्ते छापून, प्रस्ताव वर जाऊन, त्याच्या पाड्याला अंगणवाडी मंजूर व्हायला सहा वर्षं मिळतात.