भंडाऱ्याची करवतकाठी : जुने वस्त्र, खरा धागा

लग्नकार्याच्या निमित्ताने आजीच्या पेटीतील कोशाचे लुगडे बाहेर निघते आणि ‘असेच नवे विणून मिळेल काय?’ असा प्रश्न घरात उपस्थित होतो. भंडारा जिल्ह्यातील मोहाडी, आंधळगाव व पवनी परिसरातील विणकरांच्या परंपरेत त्याचे उत्तर आहे. मात्र जुन्या काठाची नक्कल करणे वेगळे आणि ते वस्त्र त्याच साहित्याने व त्याच रीतीने पुन्हा घडविणे वेगळे.

करवतीच्या दात्यांसारखा काठ असल्याने या साडीस करवतकाठी म्हणतात. साडीचे अंग कोशाचे, म्हणजे टसर रेशमाचे, तर काठ बहुधा रंगीत सुताचा असतो. ऐन व अर्जुन वृक्षांच्या पानांवर वाढणाऱ्या अळ्यांपासून हे कोष मिळतात. विदर्भात ढिवर समाजाने हे काम पिढ्यान्‌पिढ्या सांभाळले आहे. कोशाचा मधासारखा रंग मूळचाच असतो.

खरे कौशल्य विणीत आहे. दोन काठांसाठी दोन आणि अंगासाठी एक, असे तीन धोटे चालतात. काठाचा व अंगाचा बाणा प्रत्येक फेरीत एकमेकांत अडकविला जातो आणि त्या सांध्यातूनच दाते उमटतात. हे काम अत्यंत संथ असते. यंत्रमागाच्या कापडावर दाते छापले की वेळ वाचतो. पण कापड उलटून पाहिल्यास मागील बाजूची नक्षी फिकी दिसते. विणलेले दाते दोन्ही बाजूंना स्पष्ट असतात. करवतकाठीस भौगोलिक मानांकनही लाभले आहे.

जैन कुटुंबांपुढे याहून गंभीर प्रश्न उभा राहतो. सलग, तुकतुकीत धागा काढण्यासाठी कोष उकळावा लागतो आणि त्यातील जीव नष्ट होतो. जुन्या लुगड्याची हुबेहूब प्रतिकृती हवी असेल, तर ही किंमत त्यात अंतर्भूत आहे, हे मान्य करावे लागते. दुसरा मार्ग आहे. हैदराबादचे कुसुम राजय्या यांनी पतंग बाहेर पडू देऊन नंतर उरलेल्या कोषापासून सूत कातण्याची पद्धत रुजविली. पतंगाने कोष भेदल्यामुळे धागा तुटतो. म्हणून हे सूत जाडसर, गाठाळ व कमी चमकदार होते. त्यावर करवतीचा काठ विणता येईल, परंतु आजीच्या लुगड्याची झळाळी येणार नाही.

येथे ग्राहकाने सावध राहावे. ‘घिच्चा’ नावाचा जाडसर धागा भोक पडलेल्या कोषांपासून निघतो, तसाच सलग धागा न देणाऱ्या अन्य कोषांपासूनही काढतात. म्हणून केवळ नावावरून त्यास अहिंसक समजू नये. ‘सिल्क मार्क’ रेशमाच्या शुद्धतेची हमी देतो, कोषातील जीवाविषयी काही सांगत नाही.

कापडाचा व्यवहार करणाऱ्यांवर म्हणूनच विशेष जबाबदारी येते. हातमाग की यंत्रमाग, दाते विणलेले की छापलेले आणि कोष उकळलेला की पतंग गेल्यानंतरचा, या तीन गोष्टी बिलावर स्पष्ट लिहिल्या, तर विणकराच्या श्रमाला न्याय्य मोल मिळेल आणि ग्राहकाला आपल्या व्रतानुसार निवड करता येईल. पेढीची पत अशाच नोंदींवर उभी राहते.