महिलांचं राजकीय आरक्षण : पारावरचे गैरसमज आणि वस्तुस्थिती

सोलापूर जिल्ह्याच्या बार्शी तालुक्यातल्या वैरागचा कारभार आता नगरपंचायतीकडे आहे. 21 डिसेंबर 2021 आणि 18 जानेवारी 2022 अशा दोन टप्प्यांत इथे मतदान झालं. नातेपुते, माळशिरस, महाळुंग-श्रीपूर आणि माढा या जिल्ह्यातल्या नगरपंचायतींची निवडणूकही त्याच वेळी झाली. नगरपंचायतीत 17 प्रभाग आणि त्यातले 9 महिलांसाठी राखीव. म्हणजे कागदावर तरी सभागृहात बहुमत बायकांचं. तरीही आरक्षणाची सोडत निघाली की पारावर, चहाच्या टपरीवर, बाजारातल्या गाळ्यावर तीच वाक्यं कानावर येतात. ‘आपला वॉर्ड गेला’, ‘बाईच्या नावावर पडला, आता मालकालाच पळावं लागणार’, ‘सरकारनं उगाच दिलंय’. यातलं काही अर्धं खरं आहे, पण बरंचसं चुकीचं आहे. चुकीचं पुन्हा पुन्हा बोललं गेलं की तिकीटवाटपही त्यावरच होतं, म्हणून ते मुळापासून तपासायला हवं.

‘बायकांनी कधी मागितलं नव्हतं, दिल्लीनं दिलं’

73वी घटनादुरुस्ती 24 एप्रिल 1993 रोजी अमलात आली आणि पंचायतींमध्ये किमान एक तृतीयांश जागा महिलांसाठी राखीव झाल्या. त्यामुळे अनेकांना वाटतं की सगळं तिथूनच सुरू झालं. महाराष्ट्रात मात्र गोष्ट त्याच्या कितीतरी आधी सुरू झालेली आहे.

बारामती तालुक्यातल्या निंबुत गावात 1963 साली कमलाबाई काकडे यांच्या नेतृत्वाखाली संपूर्ण महिलांची ग्रामपंचायत आली. तेव्हा राखीव जागा नावालाही नव्हत्या. जिल्हा परिषदेच्या 1961 च्या कायद्यात एखाददुसऱ्या महिलेला स्वीकृत करून घेण्याची सोय होती, तेवढीच. मग नोव्हेंबर 1986 मध्ये नाशिक जिल्ह्यातल्या चांदवडला शेतकरी संघटनेचं महिला अधिवेशन भरलं. शरद जोशींच्या संघटनेतल्या शेतकरी बायका तिथे प्रचंड संख्येने आल्या आणि स्थानिक निवडणुका महिलांनी लढवायच्या, असं ठरलं. ते नुसत्या ठरावावर थांबलं नाही. 1989 च्या सुमारास जळगाव जिल्ह्यातलं विटनेर आणि यवतमाळ जिल्ह्यातलं मेटीखेडा इथे महिलांची पॅनेलं उभी राहिली आणि निवडून आली. बिशाखा दत्ता यांनी संपादित केलेला, राज्यातल्या अशा महिला पंचायतींचा अभ्यास 1998 साली पुस्तकरूपाने आला. त्यात आपल्या सोलापूर जिल्ह्यातलं बिटरगावही आहे. ही गोष्ट जिल्ह्यात किती जणांना ठाऊक आहे?

शहरांत वेगळी धार होती. मुंबईत 1972 साली मृणाल गोरे, अहिल्या रांगणेकर, प्रमिला दंडवते यांनी महागाई प्रतिकार समितीतून हजारो गृहिणींना रस्त्यावर आणलं. 1974 साली देशातल्या स्त्रियांच्या स्थितीवरच्या केंद्रीय समितीचा अहवाल आला. समितीच्या बहुमताने विधिमंडळातल्या राखीव जागांना नकार दिला, पण वीणा मजुमदार आणि लोतिका सरकार यांनी असहमती नोंदवली. समान हक्क कागदावर मिळाले तरी सभागृहाचं दार आपोआप उघडत नाही, असं त्यांचं मत झालं होतं. एक ध्यानात घ्या, स्वातंत्र्याच्या वेळी आरक्षण नको म्हणणाऱ्यांत स्त्रियाही होत्या. घटना समितीत रेणुका रे यांनी त्याविरुद्ध मत मांडलं होतं. पुढच्या पंचवीस वर्षांच्या अनुभवाने चळवळीचं मत बदलत गेलं.

सरकारचा वाटाही मोठा आहे, तो नाकारायचं कारण नाही. शेजारच्या कर्नाटकने 1983 च्या कायद्याने पंचायतींत 25 टक्के जागा ठेवल्या. महाराष्ट्राने 1990 मध्ये, म्हणजे घटनादुरुस्तीच्या आधी, स्थानिक संस्थांत 30 टक्के जागा महिलांसाठी राखल्या. 1994 मध्ये देशातलं पहिलं राज्य महिला धोरण इथे जाहीर झालं. 2011 पासून आरक्षण 50 टक्के झालं. त्या मागणीसाठी महिला राजसत्ता आंदोलनासारख्या संघटना गावोगावच्या निवडून आलेल्या बायकांना घेऊन वर्षानुवर्षं भांडत होत्या. चळवळीने रेटा लावला आणि सरकारने कायदा केला. आज देशभरात पंचायतींत निवडून आलेल्या महिलांची संख्या सुमारे 14 लाख आहे. यातली एकही जागा दानात मिळालेली नाही.

‘नऊ बायकांच्या, उरलेल्या आठ पुरुषांच्या’

कायद्यात पुरुषांसाठी राखीव अशी एकही जागा नाही. जो प्रभाग महिलेसाठी राखीव नाही तिथून स्त्री आणि पुरुष दोघंही उभे राहू शकतात. ही साधी गोष्ट पक्षांच्या बैठकीत सोयीने विसरली जाते. ‘ताई, तुमचा वॉर्ड आता खुला झाला, थांबा या वेळेस’ असं सांगून पाच वर्षं काम केलेल्या नगरसेविकेला घरी बसवलं जातं.

ती उभी राहिली तर काय होतं, याचं उत्तर मुंबईने दिलं आहे. रिखिल भवनानी या अभ्यासकाने महापालिकेच्या 1997 आणि 2002 च्या निवडणुकांची तुलना केली. 1997 मध्ये महिलांसाठी राखीव असलेले प्रभाग 2002 मध्ये खुले झाले, तेव्हा तिथून स्त्री निवडून येण्याची शक्यता आधी राखीव नसलेल्या प्रभागांच्या जवळपास पाचपट होती. एकदा बाईला मत दिलेला मतदार पुन्हा देतो. पक्षांनाही जिंकू शकणाऱ्या बायका सापडलेल्या असतात.

‘बाई नावाला, कारभार मालकाचा’

हा आरोप सगळ्यात जास्त ऐकू येतो आणि तो पूर्ण खोटा नाही. ‘सरपंच पती’ हा प्रकार देशभर इतका पसरला की सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. पंचायती राज मंत्रालयाने नेमलेल्या समितीने 2025 मध्ये अशा परस्पर कारभारासाठी कडक दंडाची शिफारसही केली. पण दोष कुणाचा, हे विचारल्याशिवाय हा आरोप अर्धवट राहतो. सभेच्या खुर्चीवर नवरा बसतो तेव्हा त्याला बसू देणारे सदस्य असतात, त्याच्यासमोर फाईल ठेवणारा कर्मचारी असतो, उद्घाटनाच्या फलकावर त्याचं नाव आधी छापणारे कार्यकर्ते असतात. या सगळ्यांना सोडून फक्त बाईला ‘नावाला’ म्हणणं अन्यायाचं आहे. आणखी एक गोष्ट : पहिल्यांदा निवडून आलेल्या कित्येक पुरुष सदस्यांचा हात गटनेत्याच्या इशाऱ्यावरच वर जातो. म्हणून पुरुषांना निवडणूक लढवू देऊ नका, असं कुणी म्हणत नाही.

बाईला नावाने ओळखायचं नाही, ही सवय जुनी आहे. 1951-52 च्या पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीत उत्तरेतल्या काही राज्यांत लाखो स्त्रियांनी स्वतःचं नाव न सांगता ‘अमक्याची बायको’, ‘तमक्याची आई’ अशी नोंद केली. निवडणूक आयुक्त सुकुमार सेन यांनी ती मान्य केली नाही आणि सुमारे 28 लाख नावं यादीतून गेली. प्रचाराच्या फ्लेक्सवर उमेदवार बाईपेक्षा नवऱ्याचा फोटो मोठा दिसतो, तेव्हा ही सवय अजून गेलेली नाही हे कळतं.

दुसरी बाजूही तपासून पाहा. राघवेंद्र चट्टोपाध्याय आणि एस्थर डुफ्लो यांनी पश्चिम बंगाल आणि राजस्थानातल्या पंचायतींचा अभ्यास करून 2004 साली निष्कर्ष मांडले. कुठली पंचायत राखीव होणार हे स्थानिक राजकारणावर अवलंबून नव्हतं, त्यामुळे राखीव आणि बिनराखीव गावांची तुलना नीट करता आली. जिथे प्रमुखपद महिलेकडे होतं तिथे दोन्ही राज्यांत पिण्याच्या पाण्यावर जास्त खर्च झाला, कारण गावातल्या स्त्रियांची पहिली तक्रार पाण्याची होती. बार्शी तालुक्यात उन्हाळ्यात हंड्यांची रांग कुणाच्या वाट्याला येते, हे वेगळं सांगायला नको. बाई नुसती नावालाच असती, तर हा फरक दिसलाच नसता.

बाई खरोखर कारभार करू लागली की तिला खाली खेचायची खटपटही सुरू होते. म्हणूनच महाराष्ट्राच्या ग्रामपंचायत कायद्यात सरपंचपद महिलेसाठी राखीव असेल तर अविश्वास ठरावाला तीन चतुर्थांश सदस्य लागतात. जळगाव जिल्ह्यातल्या विचखेड्याच्या महिला सरपंचांना सरकारी जागेवरच्या घरात राहत असल्याचं कारण दाखवून अपात्र ठरवलं गेलं. सप्टेंबर 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांना पद परत दिलं आणि महिला सरपंच आहे हेच गावकऱ्यांना पचलं नाही, असं स्पष्ट नोंदवलं. वैरागच्या आसपासच्या गावांतल्या बायकांसाठी कायद्यात आणखी एक सोय आहे : नियमित ग्रामसभेच्या आधी महिलांची वेगळी सभा घेणं बंधनकारक आहे. ती नुसती रजिस्टरवर होते की खरी, हे विचारण्याचा हक्क प्रत्येक महिला मतदाराला आहे.

‘महिलांचे पन्नास, वर जातीचे, मग खुल्याला उरलं काय?’

इथे हिशेबच चुकतो. महिलांचं आरक्षण समांतर आहे. ते अनुसूचित जाती, जमाती, इतर मागासवर्ग आणि सर्वसाधारण या प्रत्येक गटाच्या आत मोजलं जातं, त्यावर वाढीव बसत नाही. अनुसूचित जातीच्या जागा दोन असतील तर त्यांतलीच एक महिलेची. न्यायालयाने घातलेली 50 टक्क्यांची मर्यादा अनुसूचित जाती, जमाती आणि इतर मागासवर्ग यांच्या एकत्रित जागांसाठी आहे. सर्वोच्च न्यायालयाच्या मार्च 2021 च्या विकास गवळी खटल्यानंतर इतर मागासवर्गाच्या जागांचा पेच पडला. त्या जागा पुढे सर्वसाधारण करून त्यांचं मतदान 18 जानेवारीला घेतलं गेलं. वैरागला दोन टप्प्यांत मतदान झालं ते या कारणाने, महिलांच्या जागांमुळे नव्हे.

‘खाली निम्म्या आल्या, वर आपोआप येतील’

तीस वर्षांचा अनुभव याच्या उलट आहे. महाराष्ट्र विधानसभेच्या 288 जागांवर 2019 मध्ये 24 महिला निवडून आल्या, 2024 मध्ये 21. 2024 च्या रिंगणात 4136 उमेदवार होते आणि त्यात महिला होत्या 363. राज्यातल्या 48 खासदारांपैकी महिला 7, त्यात सोलापूरच्या प्रणिती शिंदे. मतदार बाईला नाकारतो, हे कारण आपल्या भागात तरी टिकत नाही. बार्शीने प्रभाताई झाडबुके यांना विधानसभेवर पाठवलं होतं. आज वैराग ज्या धाराशिव लोकसभा मतदारसंघात आहे, त्या तेव्हाच्या उस्मानाबादने 2004 मध्ये कल्पना नरहिरे यांना दिल्लीला पाठवलं.

मग अडतं कुठे? माझ्या मते सोसायटी, बाजार समिती, साखर कारखाना आणि जिल्हा बँक इथे अडतं. सोलापूर जिल्ह्यात आमदारकीची वाट बहुतेक वेळा याच ठिकाणांहून जाते. माणसं, पैसा, ऊसतोडीच्या टोळ्या, कर्जाची यादी, हे सगळं तिथे हातात येतं. राज्याच्या सहकार कायद्यात संचालक मंडळावर महिलांसाठी राखीव जागा आहेत दोन. एकवीस जणांच्या मंडळात दोघी. शेतात राबणाऱ्या बायकांपैकी बहुतेकींच्या नावावर सातबारा नाही, त्यामुळे सभासदत्वही नाही. चांदवडनंतर शेतकरी संघटनेने ‘लक्ष्मीमुक्ती’ची मोहीम काढून बायकोच्या नावावर जमीन करा असं सांगितलं, त्यामागचं शहाणपण इथे कळतं. नगरपंचायतीत निम्म्या जागा देऊन कारखान्यात दोनवर थांबलो, तर नगरसेविका नगरसेविकाच राहणार.

‘आता तेहतीस टक्क्यांचा कायदा झालाय’

लोकसभा आणि विधानसभांत एक तृतीयांश जागांचं विधेयक पहिल्यांदा सप्टेंबर 1996 मध्ये मांडलं गेलं. 2010 मध्ये ते राज्यसभेत मंजूर होऊन पुढे अडकलं. अखेर सप्टेंबर 2023 मध्ये लोकसभेत 454 विरुद्ध 2 मतांनी आणि राज्यसभेत एकमताने ते 106वी घटनादुरुस्ती म्हणून संमत झालं. पण त्यातच अट घातली आहे : आधी जनगणना, तिच्या आकड्यांवर मतदारसंघांची पुनर्रचना, मग आरक्षण. राज्यसभा आणि विधान परिषद त्यात नाही. मुदत 15 वर्षांची आहे, वाढवायची झाली तर संसदेने वाढवायची. आणि 2024 च्या लोकसभा आणि विधानसभा या दोन्ही निवडणुका या आरक्षणाविनाच झाल्या.

जास्त महिलांना उमेदवारी द्यायला मात्र कुठल्याही पक्षाला कायद्याची वाट बघावी लागत नाही. नॉर्वेच्या मजूर पक्षाने 1983 मध्ये कायद्याविना, स्वतःच्या नियमाने 40 टक्के वाटा ठरवून घेतला. तेव्हा वैरागकरांनो, पुढच्या निवडणुकीत पक्षांची यादी तुमच्या दारात येईल तेव्हा राखीव नऊ प्रभागांची नावं वाचून थांबू नका. उरलेल्या आठ प्रभागांत किती बायकांना तिकीट दिलं, ते विचारा, आणि उत्तर मिळाल्याशिवाय मताचा शब्द देऊ नका.