पेला जपानचा, ताट वऱ्हाडाचे

जपानमधल्या इसे या गावी सूर्यदेवी अमातेरासूचे मंदिर आहे. आपल्याकडे पंढरपूरला जावे तसे जपानी लोक शेकडो वर्षे तिथे जात आले आहेत. होडीने येणारे यात्रेकरू सेता नदीच्या काठाला उतरत. तिथल्या एका चहाच्या दुकानात भाजलेल्या सोयाबीनच्या पिठात घोळवलेली तांदळाची मऊ मोची खात आणि मग देवळाची वाट धरत. हे दुकान १५७५ सालचे, म्हणजे शिवाजी महाराजांच्या जन्माच्याही पंचावन्न वर्षे आधीचे. मोची तिथे आजही मिळते. घराण्याच्या एकविसाव्या पिढीतले नारिहिरो सुझुकी विद्यापीठात सूक्ष्मजीवांचा अभ्यास करून परतले आणि १९९७ मध्ये त्यांनी मोचीच्या जोडीला बियर बनवायला घेतली. ‘इसे कादोया’ या नावाने ती आता जगभरच्या स्पर्धांत पदके मिळवते. त्यांच्या एका बियरचे यीस्ट तर इसे परिसरातल्याच झाडांवरून मिळवलेले आहे.

यात्रेचे गाव, जुने दुकान, गावचाच खाऊ आणि गावच्याच झाडावरचे यीस्ट. जपानमध्ये वाटाड्यासोबत बियर आणि स्थानिक खाणे चाखत फिरण्याच्या ज्या सहली निघतात, त्यांचा सगळा जीव अशा गोष्टींत असतो.

सहलीचा रिवाज साधारण ठरलेला आहे. संध्याकाळी सात-आठ जण एखाद्या रेल्वे स्टेशनबाहेर जमतात. वाटाड्या त्यांना तीन तासांत तीन-चार ठिकाणी पायी नेतो. ओसाकात पहिला थांबा कुशिकात्सूचा असू शकतो. मांस, मासे किंवा भाजीचे तुकडे काडीला टोचून, पावाच्या चुऱ्यात घोळवून तळतात, ते कुशिकात्सू. टेबलावर सॉसचे सामाईक भांडे असेल तर त्यात काडी एकदाच बुडवायची, उष्टी काडी पुन्हा बुडवायची नाही, हा तिथला कडक नियम. आपल्याकडच्या कोणत्याही आजीला तो लगेच पटेल. टोकियोत कोंबडीचे तुकडे काडीला टोचून कोळशावर भाजलेली याकितोरी असते. तिला मीठ लावायचे की गोडसर सॉस, हे गिऱ्हाईक सांगते. ‘इझाकाया’ म्हणजे पिणे आणि खाणे एकत्र चालणारी छोटी खानावळ. तिथे बसताच न मागता एक वाटी पुढ्यात येते. तिला ‘ओतोशी’ म्हणतात आणि तिचे पैसे बिलात धरलेले असतात. परक्या माणसाला ही फसवणूक वाटते. वाटाड्या आधीच सांगून ठेवतो की हा बसण्याचा मान आहे.

बियरही तो अशीच उलगडून सांगतो. हलक्या चवीची आधी, गडद आणि कडवट नंतर. लहान पेले, मोठे घोट नाहीत. हॉप्स नावाच्या वेलीच्या फुलांमुळे कडवटपणा येतो, मोड आणून वाळवलेल्या सातूमुळे गोडवा आणि रंग येतो आणि यीस्टमुळे फळांचा वास येतो, हे जिभेवर चव असतानाच ऐकायला मिळते. पुस्तकात वाचून ते कळत नाही.

या सगळ्याची सुरुवात कायद्याच्या एका ओळीने झाली. १९९४ पर्यंत जपानमध्ये बियरचा परवाना हवा असेल तर वर्षाला किमान २० लाख लिटर बनवावे लागे. त्यामुळे किरिन, आसाही, सापोरो आणि सनटोरी या बड्या कंपन्यांपुढे कोणाचाच टिकाव नव्हता. त्या वर्षी ही अट ६० हजार लिटरवर आली, म्हणजे रोजचे सुमारे १६५ लिटर. एखाद्या कुटुंबाला झेपेल एवढे. नीगाताची ‘एचिगो’ १९९५ मध्ये पहिली निघाली आणि पाठोपाठ गावोगावी ‘जी-बीरू’ निघू लागल्या. ‘जी’ म्हणजे जमीन, माती, गाव. गावच्या बियरला त्यांनी मातीचेच नाव दिले.

पहिल्या काही वर्षांत मात्र बरीच बियर यथातथा होती. पर्यटकांनी आठवण म्हणून एक बाटली न्यावी आणि पुन्हा घेऊ नये, अशी. किंमत जास्त, चव कमी. अनेक कारखाने बंद पडले. जे टिकले त्यांच्यापैकी काहींनी बियरची पाळेमुळे शेतात आणि जुन्या हातांच्या कसबात नेली. इबाराकीची किउची ही मूळची तांदळाची साके बनवणारी १८२३ ची पेढी. तिने १९९६ पासून ‘हिताचिनो नेस्ट’ बनवायला सुरुवात केली. टोकियोजवळच्या कावागोएचे रताळे नावाजलेले. आकार वाकडा म्हणून बाजारात नाकारली जाणारी रताळी ‘कोएदो’ने बियरमध्ये वापरली. शेतकऱ्याच्या नाकारलेल्या मालाला किंमत मिळाली, म्हणून हे उदाहरण विदर्भातल्या वाचकाने विशेष ध्यानात ठेवावे.

वाटाड्याचे काम जपानने किती गंभीरपणे घेतले, हेही सांगायला हवे. परदेशी पाहुण्यांना त्यांच्या भाषेत पैसे घेऊन फिरवायचे तर १९४९ च्या कायद्याने सरकारी परीक्षा उत्तीर्ण व्हावे लागे. इतिहास, भूगोल, भाषा, सगळे त्या परीक्षेत येई. २०१८ मध्ये ही सक्ती उठली आणि अशा खास चवीच्या सहलींची वाट मोकळी झाली. परीक्षा मात्र अजून होते आणि ती उत्तीर्ण होणाऱ्याला मान आहे.

मराठी प्रवाशाने तिकडे जाताना दोन गोष्टी पक्क्या माहीत करून घ्याव्यात. पहिली, जपानमध्ये पिण्याचे कायदेशीर वय २० आहे आणि दारू पिऊन गाडी चालवणाऱ्याबरोबरच त्याला दारू देणारा आणि गाडीत शेजारी बसणाराही तिथे गुन्हेगार ठरू शकतो. दुसरी, शाकाहार. भाजीच्या रश्शातही बऱ्याचदा सुक्या माशाचा अर्क असतो. त्याला ‘दाशी’ म्हणतात आणि तो डोळ्यांना दिसत नाही. ‘मांस नको’ एवढे सांगून भागत नाही, दाशीही नको असे सहल ठरवतानाच सांगावे लागते. न पिणाऱ्यासाठी बिनदारूची बियर किंवा सरबत मिळू शकते. पिणे हे अशा सहलीचे तिकीट नव्हे.

आता महाराष्ट्राकडे येऊ. देशातल्या पहिल्या छोट्या बियर भट्ट्यांपैकी एक पुण्यात निघाली, २००९ मध्ये, ‘डूलाली’ या नावाने. जर्मन कारागीर ऑलिव्हर शाउफ तिचे पहिले गुरू. पुढे पुण्याच्याच ‘ग्रेट स्टेट’ने कोकम आणि मीठ घातलेली बियर काढली आणि ‘मूनशाइन’ने मधापासून मीड बनवले. नाशकात सुला कंपनीने २००५ मध्ये वाइन चाखण्याची खोली उघडली. द्राक्षाचा मळा दाखवायचा, टाक्या दाखवायच्या आणि मग चार-पाच पेले समजावून सांगायचे, ही पद्धत महाराष्ट्रात रुजली ती तिथून. ५ जून २०२५ ला पूर्ण खुल्या झालेल्या समृद्धी महामार्गाने वाशीम जिल्ह्यातल्या कारंजा लाडचा माणूस सकाळी निघून दुपारी नाशिकच्या वाटेला लागतो. महामार्गाचा फाटा गावालगतच आहे.

पण ताट कुठे आहे? बहुतेक ठिकाणी पेल्यासोबत पिझ्झा, नाचोज, चीज येते. नाशिकची मिसळ आणि नाशिकची वाइन एकाच गावच्या लेकी, पण एका फेरीत क्वचितच भेटतात. कोकम बियरमध्ये शिरले, कोकणातल्या कोकमवाल्याचे घर मात्र पाहुण्याला सहसा कोणी दाखवत नाही. बाहेरून आपण पेला तेवढा घेतला, जपानसारखा वाटाड्या आणि ताट मात्र घेतले नाही. माझ्या मते यात मोठी चूक झाली आहे.

विदर्भात तर पेल्याचा विषय जपूनच काढावा लागतो. वर्ध्यात दारूबंदी आहे, गडचिरोलीत १९९३ पासून आहे. चंद्रपुरात ती २०१५ मध्ये आली आणि २०२१ मध्ये उठली. या बंदीसाठी रस्त्यावर उतरलेल्या बाया दारूने घर मोडलेले पाहून आल्या होत्या. त्यांच्यासमोर बियरच्या चवीचे कौतुक करताना शब्द तोलूनच वापरायला हवेत. आणि कारंजा तर दत्तसंप्रदायातल्या नृसिंह सरस्वतींचे जन्मस्थान. गुरुमंदिराच्या दर्शनाला येणाऱ्या माणसाला बियरची सहल दाखवू नये. तशी गरजही नाही.

कारण आंबवण्याची विद्या वऱ्हाडच्या स्वयंपाकघरात आधीपासून आहे. भाद्रपदात महालक्ष्म्या जेवायच्या दिवशी सोळा भाज्या, पुरणपोळी आणि कढीसोबत ज्वारीची आंबील लागतेच. ज्वारी ओलवायची, कांडायची, कण्या ताकात मुरू द्यायच्या आणि मग मंद आचेवर शिजवायच्या. कोणाच्या घरची आंबील जास्त आंबट, कोणाची पातळ, कोणाच्या घरी खोबरे सढळ हाताने पडते. सातू आंबवून त्याच्या चवीची कथा सांगणारा जपानी कारागीर आणि आंबिलीची कथा पोटात ठेवून गप्प बसणारी वऱ्हाडी बाई यांच्या कसबात फरक नाही. एकाला पाहुणा मिळाला, दुसरीला मिळाला नाही.

कारंज्यात अशी फेरी काढायची तर सामग्री अमाप आहे. जुन्या गावाला चार वेशी: दिल्ली वेस, दारव्हा वेस, पोहा वेस आणि मंगरूळ वेस. प्रत्येक वेशीच्या नावातच तिथून कुठे जाता येत होते ते लिहिलेले आहे. आतल्या गल्ल्यांत काष्ठासंघ, सेनगण आणि बलात्कारगण या तीन दिगंबर परंपरांची मंदिरे आहेत. त्यांच्या हस्तलिखितांच्या भांडारातून पुष्पदंतासारख्या कवीचे अपभ्रंश ग्रंथ १९३० च्या दशकात छापून जगापुढे आले. भाषेच्या अभ्यासकांना कारंजा त्यामुळे ठाऊक आहे, पण गावातल्या शाळकरी पोरांना ही गोष्ट कितीशी माहीत असते? गावाबाहेर मूर्तिजापूर–यवतमाळ अरुंद मार्गावरचे स्टेशन आहे. कापूस वाहण्यासाठी बांधलेली ती शकुंतला रेल्वे. गाडी आता धावत नाही. थोडे पुढे गेले की कारंजा–सोहोळच्या माळावर काळवीट दिसतात.

आणि ताट? ज्वारीची भाकर, झुणका, ठेचा. गोवऱ्यांच्या विस्तवात भाजलेले, वरून कडक आणि आतून मऊ रोडगे, त्यांच्यासोबत वांग्याची भाजी आणि वरण. पाटोडीचा तिखट रस्सा. अंबाडीची भाजी. जैन घरातले कांदा-लसणाशिवायचे जेवण हा तर स्वतंत्र धडा आहे: कंदमूळ नाही, लसणाचा आधार नाही, तरी चव कशी उभी करतात ते त्या घरच्या बाईनेच सांगावे. अनेक जैन घरांत सूर्यास्ताआधी जेवण आटोपते. म्हणून ओसाकाची फेरी संध्याकाळी सुरू होत असली तरी कारंज्याची फेरी सकाळी निघून दिवस मावळायच्या आत संपायला हवी. अशी वेळ गावाच्या रीतीने ठरते. दुसरीकडची उचलून आणता येत नाही.

यात्रेकरू आणि खाऊ यांची जोड विदर्भात जमते, याचा पुरावा जवळच आहे. फाळणीनंतर पंजाबातून आलेल्या तीरथराम शर्मा यांनी शेगावच्या रेल्वे स्टेशनवर कचोरी विकायला सुरुवात केली. आज गजानन महाराजांच्या दर्शनाला गेलेला माणूस कचोरीचा पुडा घेतल्याशिवाय सहसा परतत नाही. खाऊ गावात नव्याने आला आणि गावाचा झाला. इसेच्या मोचीलाही असेच यात्रेकरूंनी मोठे केले.

कमतरता आहे ती वाटाड्याची. मंदिराच्या दारात उभा राहून दोन वाक्ये घोकून म्हणणारा नको. वेशीचा दगड, हस्तलिखिताचे पान आणि रोडग्याची राख या तिन्हींबद्दल सारख्याच मायेने बोलणारा हवा. महाराष्ट्राचे कृषी पर्यटन धोरण २०२० पासून आहे, घरगुती न्याहारी-निवासाची सरकारी योजना आहे. गावातल्या महाविद्यालयाने मराठी आणि इतिहास शिकणाऱ्या आठ-दहा मुला-मुलींना एका हंगामात तयार करणे अवघड नाही. शुल्कातला मोठा वाटा ज्या घरी ताट वाढले जाईल त्या घरच्या बाईच्या हाती पडला पाहिजे. हा हिशेब पहिल्याच दिवशी लिहून ठेवावा. नाहीतर पाहुणे वाढतील आणि चूल फुंकणारीचा हात रिकामाच राहील.

नृसिंह सरस्वतींची जयंती पौष शुद्ध द्वितीयेला येते. त्या दिवसांत दूरदूरचे भाविक कारंज्यात असतात, थंडी असते आणि आसपासच्या शेतांत ज्वारीचा हुरडा भाजायला आलेला असतो. कारंजेकरांनी पहिली फेरी त्याच आठवड्यात काढावी.